ऑर्कुटची हळहळ

छत्रपति संभाजीनगराहून पैठणच्या वाटेला लागलें म्हणजे सुमारें २० किलोमीटरांवर बिडकीन हें गांव येतें. हल्लीं या गांवाचें नांव वर्तमानपत्रांत झळकतें तें तेथील औद्योगिक वसाहतीमुळें. ७,८५५ एकरांचा तो पट्टा २०२४ सालच्या सप्टेंबरांत पंतप्रधानांनीं राष्ट्रास अर्पण केला, आणि जमिनीचे भाव हाच तेथील चारचौघांच्या बोलण्याचा विषय होऊन बसला. पण गेल्या दिवाळींत, पस्तिशी ओलांडून चाळिशीकडे झुकलेल्या तेथील कांहीं मंडळींत बसण्याचा योग आला असतां निराळाच अनुभव आला. फराळाचीं ताटें पुढें आलीं, जमिनीच्या भावाचा विषय निघाला आणि दहा मिनिटांत संपला. पुढचे दोन तास ही मंडळी ज्या गोष्टीविषयीं बोलत होती ती गोष्ट म्हणजे ऑर्कुट. कोणीं कोणाला किती स्क्रॅप लिहिले, कोणाच्या नांवापुढें किती ‘चाहते’ होते, कोणाचा पासवर्ड त्याच्या धाकट्या भावानें हुडकून काढला, याचा तपशील इतका बारकाईनें निघत होता कीं, यांना बारावीच्या पुस्तकांतील तरी एवढें आठवत असेल कीं नाहीं याची शंका यावी.

ज्या वडील वाचकांचा या प्रकाराशीं संबंध आला नसेल त्यांच्यासाठीं दोन शब्द सांगणें अवश्य आहे. ऑर्कुट हें इंटरनेटवरील एक भेटीचें ठिकाण होतें. गूगल या अमेरिकन कंपनींत नोकरीस असलेल्या ऑर्कुट बुयुक्कोक्तेन नांवाच्या तुर्की अभियंत्यानें तें उभारलें व त्याचेंच नांव त्याला मिळालें. तें सुरू झालें २४ जानेवारी २००४ रोजीं आणि बंद झालें ३० सप्टेंबर २०१४ रोजीं. म्हणजे पुरतीं अकरा वर्षेंही त्याला लाभलीं नाहींत. आरंभीं तेथें कोणालाही सरळ प्रवेश नसे. आंत असलेल्या एखाद्यानें निमंत्रण पाठवावें लागे, आणि या निमंत्रणासाठीं कॉलेजांतील मुलें मित्रांच्या मागें लागत. आंत गेल्यावर प्रत्येकास एक पान मिळे. त्यावर आपलें नांव, गांव, आवडीनिवडी लिहावयाच्या, छायाचित्रें लावावयाचीं (पहिल्या काळांत तीं बाराच लावतां येत), आणि मित्रांनीं येऊन ‘स्क्रॅपबुका’त, म्हणजे चिठ्ठ्यांच्या वहींत, चार ओळी लिहून जावयाच्या. मित्र विश्वासू वाटल्यास हंसरे चेहरे, ऐटबाज वाटल्यास बर्फाचे खडे आणि देखणा वाटल्यास बदाम, अशीं मानचिन्हें देण्याचीही सोय होती. रोज पान उघडलें कीं वर एक दैवाचें वाक्य दिसे. तें आपल्या राशिभविष्याचें धाकटें भावंड होतें. यंत्र बिघडलें म्हणजे, ‘वाईट, वाईट सर्व्हर! तुला डोनट मिळायचा नाहीं,’ अशा अर्थाची कबुली इंग्रजींत झळके. डोनट म्हणजे काय हें बिडकीनच्या मुलांस त्या वेळीं ठाऊक नव्हतें. पण त्या वाक्याची आठवण निघतांच सगळी मंडळी पोट धरून हंसली.

मौज अशी कीं, ज्या अमेरिकेंत या ठिकाणाचा जन्म झाला तेथें त्याला फारसें कोणीं विचारलें नाहीं. त्याला खरा आश्रय मिळाला तो ब्राझील आणि आपला देश यांत. तो इतका कीं, २००८ सालीं त्याचा सारा कारभार ब्राझीलमधील बेलो होरिझोंते या शहरीं नेण्यांत आला.

बिडकीनच्या मुलांस हें सारें घरबसल्या मिळत नव्हतें, हें प्रथम ध्यानीं घेतलें पाहिजे. २००५ च्या जानेवारींत सरकारी टेलिफोन कंपनीनें ब्रॉडबँड सुरू केलें खरें, पण खेड्यापाड्यांतील घरांत संगणकच नव्हता. आणि असता तरी भारनियमनाच्या त्या वर्षांत दिवसाचे कित्येक तास वीज कोठें होती? मुलें एस. टी.चा पास काढून शहरांतील कॉलेजांत जात. शहराचें नांव तेव्हां औरंगाबादच होतें. तें अधिकृतपणें बदललें २०२३ मध्यें. तास संपले कीं औरंगपुरा, गुलमंडी, निराला बाजार या भागांतील एखाद्या सायबर कॅफेंत शिरावयाचें. प्लायवुडच्या फळ्यांनीं केलेलीं खोपटीं, त्यांत एकेक संगणक, अक्षरें पुसून गेलेल्या कळा, डोक्यावर फिरणारा पंखा आणि दाराशीं वही घेऊन बसलेला मालक. तासाचे दहापंधरा रुपये पडत. म्हणून तिघे मित्र एका खुर्चीवर व एका स्टुलावर सामावून बसत आणि तास वांटून घेत: वीस मिनिटें तुझीं, वीस माझीं, वीस याची. एकाच्या वीस मिनिटांत बाकीचे दोघे मागून त्याचीं पत्रें वाचीत व काय उत्तर द्यावें याविषयीं सल्ला देत. मालकानें ‘टाइम झाला’ म्हणून फळीवर टकटक केली कीं लिहीत असलेलें वाक्य तसेंच टाकून उठावें लागे, कारण शेवटची सोईची बस चुकली तर घरीं काय सांगावयाचें हा प्रश्न असे. मग आठवडाभर, कधीं पंधरा दिवस, त्या पानावर कोणीं काय लिहिलें असेल याचें कुतूहल मनांत घेऊन हिंडावें लागे.

आतां कोणी म्हणेल कीं, ही हळहळ ऑर्कुटची नसून वयाची आहे. विशीच्या वयांत ज्याला जें मिळालें तें त्याला जन्मभर गोड लागतें. आमच्या वडिलांस नाटक कंपन्यांच्या रात्री आठवत, आम्हांस रेडिओवरील बिनाका गीतमाला आठवते, यांना ऑर्कुट आठवतें. यांत नवल तें काय? हा आक्षेप अर्धा खरा आहे, आणि तो खरा आहे म्हणूनच राहिलेल्या अर्ध्याकडे नीट पाहिलें पाहिजे. नाहीं तर प्रत्येक हळहळीला ‘वयाचा परिणाम’ म्हणून मोकळें होण्याची संवय लागते, आणि ज्या गोष्टी खरोखरच गेल्या त्या गेल्या असें म्हणण्याचीही सोय उरत नाहीं.

त्या मंडळींच्या बोलण्यांतून जें निघालें त्याचा विचार करतां आम्हांस दोनतीन गोष्टी दिसल्या. पहिली ही कीं, ऑर्कुटवर ‘जावें’ लागे आणि तेथून ‘परत यावें’ लागे. आज हातांतील फोन हेंच घर झालें आहे. त्यांतून बाहेर पडावयाचें म्हणजे कोठें जावयाचें हेंच मुलांस समजत नाहीं. दुसरी गोष्ट, तेथें मित्राशीं बोलावयाचें झाल्यास मित्राच्याच पानावर जाऊन लिहावें लागे. २००९ सालीं फेसबुकनें अंगठ्याची खूण काढली, आणि तेव्हांपासून मित्राच्या मुलाच्या बारशापासून त्याच्या वडिलांच्या आजारापर्यंत सर्व प्रसंगीं एक अंगठा उमटवून मनुष्य पुढें सरकूं लागला. स्क्रॅप कितीही पोरकट असो, ‘काय करतोयस, जेवलास का’ याहून त्यांत अधिक कांहीं नसो, तो एका माणसानें दुसऱ्या माणसाचें नांव मनांत धरून लिहिलेला असे. शिवाय कोणाचें बोलणें वर दिसावें व कोणाचें खालीं दडपावें हें ठरविणारें यंत्र तेव्हां मध्यें बसलेलें नव्हतें. जो शेवटीं लिहील तो वर, इतका साधा हिशेब होता.

आणखी एक सोय होती, तिचें स्मरण होतांच मंडळींतील दोघांचे चेहरे जरा लाजल्यासारखे झाले. आपल्या पानावर कोण कोण डोकावून गेलें याची यादी पान उघडतांच दिसे. ज्यांना आपण डोकावतों हें कळूं द्यावयाचें नसे त्यांना ती सोय बंद करतां येई. पण मग आपल्याकडे कोण डोकावलें हेंही दिसत नसे. यांत मोठा न्याय होता. चाळींतल्या खिडकीसारखा तो प्रकार. पाहावयाचें तर पाहिलें जाण्याची तयारी ठेवली पाहिजे. आजचीं समाजमाध्यमें ही तडजोड मान्य करीत नाहींत. आपण कोणाचें काय किती वेळ पाहिलें हें कंपनीस ठाऊक असतें, ज्याचें पाहिलें त्याला बहुधा नाहीं.

परंतु ऑर्कुटमधील सर्वांत चांगली चाल म्हणजे प्रशस्तीची. तिला तेथें ‘टेस्टिमोनियल’ म्हणत. मित्रानें मित्राविषयीं आपलें मत चार ओळींत लिहावयाचें, आणि ज्याच्याविषयीं लिहिलें त्यानें तें मान्य केलें म्हणजे तें त्याच्या पानावर कायम लागे. आपल्या समाजांत मुलाची तोंडावर स्तुति करूं नये, दृष्ट लागते, अशी समजूत. बाप मुलाला चांगलें म्हणत नाहीं, आणि मित्र मित्राला म्हणतो ते शिव्यांच्या आवरणाखालीं. अशा मुलांना एकाएकीं एकमेकांविषयीं चांगलें लिहिण्याचें निमित्त मिळालें. ‘हा माझा मित्र, परीक्षेच्या आदल्या रात्रीं यानें मला आपल्या वह्या दिल्या व स्वतः नापास झाला,’ असलीं वाक्यें त्यांत असत. पुष्कळशीं ठराविक असत, कांहीं सरळ दुसऱ्याच्या पानावरून उचललेलीं असत. पण एखादें असें असे कीं तें लिहिणाऱ्याच्या तोंडून जन्मांत पुन्हां निघालें नसतें.

या प्रशस्तीचा दुसराही एक उपयोग मुलांनीं शोधून काढला, आणि कंपनीच्या शहाण्या अभियंत्यांस तो सुचला असेल असें वाटत नाहीं. स्क्रॅपबुक बरेच दिवस सर्वांस उघडें असे. पोस्टकार्ड ज्याप्रमाणें पोस्टमनापासून शेजारणीपर्यंत सर्वांनीं वाचावयाचें, तसा तो मामला. पण प्रशस्ति मान्य होईपर्यंत ती फक्त मालकालाच दिसे. तेव्हां जें खासगी सांगावयाचें तें प्रशस्तीच्या जागीं लिहावयाचें, आणि शेवटीं ‘हें स्वीकारूं नकोस’ अशी तळटीप द्यावयाची. म्हणजे पोस्टकार्डाच्या दुकानांतच मुलांनीं बंद पाकिटाची सोय करून घेतली. त्या दिवाळीच्या बैठकींतील एका गृहस्थानें आपल्या पत्नीचा टेलिफोन नंबर प्रथम असाच मिळविला होता. घाईंत त्यानें ‘स्वीकारा’ हेंच बटन दाबलें व तीन दिवस तो नंबर जगजाहीर राहिला, ही गोष्ट त्याच्या पत्नीनेंच आम्हांस सांगितली. तीन दिवस, कारण पुढची कॅफेवारी तीन दिवसांनीं होती.

मराठी माणसांच्या वस्त्या इंटरनेटवर ऑर्कुटच्या आधींपासून होत्या, हें येथें नमूद केलें पाहिजे. परदेशीं गेलेल्या मंडळींच्या पुढाकारानें १९९६ च्या गणेशोत्सवांत ‘मायबोली’ सुरू झाली, २००४ मध्यें ‘मनोगत’ आलें, २००७ मध्यें ‘मिसळपाव’. तेथें शुद्धलेखनाचे वाद होत, पाककृति निघत, कथा-कविता छापल्या जात. एकंदर वातावरण एखाद्या वाचनालयाच्या कट्ट्यासारखें असे. बिडकीनच्या अठरा वर्षांच्या मुलाचा त्या कट्ट्यावर निभाव लागणें कठीण होतें. ऑर्कुटवर मात्र कोणत्याही आवडीचा ‘समुदाय’ काढतां येई; शाळेचा, गांवाचा, एका बसच्या प्रवाशांचा, गणिताचा तिटकारा असणाऱ्यांचा. शुद्धलेखनाची तेथें कोणाला फिकीर नव्हती, कारण लेखन मुळीं देवनागरींत नव्हतेंच. त्या काळच्या कॅफेंतील संगणकांवर देवनागरी लिहिणें जिकिरीचें असे. अक्षरांचे ठसे नसले कीं पडद्यावर चौकोन उमटत. म्हणून मराठी लिहावयाचें तें इंग्रजी अक्षरांत. त ट एक, न ण एक, ल ळ एक, ऱ्हस्वदीर्घाचा पत्ता नाहीं. एका सबंध पिढीचीं पहिलीं प्रेमपत्रें, पहिलीं भांडणें व पहिल्या सांत्वनाच्या ओळी या मोडक्या लिपींत लिहिल्या गेल्या. भाषेच्या कैवाऱ्यांनीं त्या वेळीं नाकें मुरडलीं. आम्हांस त्यांत एवढेंच वाटतें कीं, मुलांनीं निदान मराठी सोडली नाहीं. लिपीची अडचण असतांही सोडली नाहीं.

ही हळहळ एकट्या आपल्याच मुलांची आहे असें मात्र कोणीं समजूं नये. मलेशियांतील मलय तरुण याच आस्थेनें फ्रेंडस्टर नांवाच्या ठिकाणाविषयीं बोलतात. तें २००२ सालीं अमेरिकेंत निघालें. तेथें त्याचा बहर लौकर ओसरला आणि आग्नेय आशियांत मात्र तें फोफावलें. २००९ च्या अखेरीस एका मलेशियन कंपनीनेंच तें विकत घेतलें, आणि २०११ मध्यें त्याचें खेळांच्या संकेतस्थळांत रूपांतर करतांना जुनीं छायाचित्रें व मित्रांचे अभिप्राय पुसून टाकले. तेथेंही मित्रांनीं प्रशस्ति लिहिण्याची चाल होती, तेथेंही मुलें सायबर कॅफेंतून घरीं उशिरां जात. क्वालालंपूरच्या मुलाची व बिडकीनच्या मुलाची भाषा, धर्म, खाणें सर्व निराळें. पण दोघांचीं तरुणपणचीं पानें पराक्याच्या जागेंत होतीं, आणि ती जागा केव्हां मोडावयाची हें त्यांना विचारून ठरणार नव्हतें.

येथवर वाचून कोणास वाटेल कीं, ऑर्कुट म्हणजे रामराज्य होतें. तें तसें मुळींच नव्हतें, आणि बिडकीनच्या मंडळींस आम्हीं ही आठवण करून दिली तेव्हां बैठक थोडी गप्प झाली. तेथील समुदायांत प्रेमाइतकाच द्वेषही सहज निघे. २००६ च्या ऑक्टोबरांत मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठानें, म्हणजे ज्या कॅफेंत ही मुलें बसत तेथून फार दूर नसलेल्या न्यायमंदिरानें, भारताच्या द्वेषाला वाहिलेल्या एका समुदायाविरुद्ध आलेल्या जनहित याचिकेवरून गूगलला नोटीस काढली. त्याच सुमारास शिवछत्रपतींविषयीं अभद्र मजकूर निघाल्यानें राज्यभर संताप उसळला, आणि २००६ व २००७ या दोन वर्षांत ठिकठिकाणीं सायबर कॅफेंची मोडतोड झाली. मजकूर लिहिणारा राहिला कोठल्या कोठें, आणि फुटले ते कर्ज काढून घेतलेले एखाद्या गरीब मालकाचे संगणक. याहून वाईट गोष्ट २००७ च्या ऑगस्टअखेर घडली. या मजकुराच्या तपासांत बंगळूरच्या एका तरुण संगणक अभियंत्यास पुणें पोलिसांनीं पकडून नेलें. इंटरनेट पुरविणाऱ्या कंपनीनें दिलेली माहितीच चुकीची होती हें उघड होऊन तो सुटेपर्यंत त्याला ५० दिवस तुरुंगांत काढावे लागले. ऑर्कुटच्या आठवणींत त्याचीही आठवण मोजावी लागेल.

आणि मुलींचें काय? त्या बैठकींतील पुरुषमंडळी जितकी रंगून बोलत होती तितक्या स्त्रिया बोलत नव्हत्या. मुलीचें नांव व छायाचित्र उचलून भलत्यानेंच तिच्या नांवें पान उघडावें, त्यावर वाटेल तें लिहावें, हे प्रकार त्या काळीं पुष्कळ झाले. घरांत हें कळलें कीं पहिली शिक्षा मुलीलाच. कॅफे बंद, कधीं कॉलेजही बंद. म्हणून मुली आपल्या छायाचित्राच्या जागीं गुलाबाचें फूल, तान्हें बाळ किंवा एखाद्या नटीचा चेहरा लावीत आणि नांवही अर्धेंच लिहीत. ‘आम्हांला ऑर्कुट आठवतें तें दाराकडे एक डोळा ठेवून वापरलेलें,’ असें त्यांतील एक शिक्षिका म्हणाल्या. कॅफेंतील खोपट्यांविषयींही लोकांत कुजबुज होती, आणि ती सर्वस्वीं निराधार नव्हती. २०११ च्या सरकारी नियमांनीं त्या फळ्यांची उंची साडेचार फुटांच्या आंत आणली व येणाऱ्याचें ओळखपत्र पाहून नोंद ठेवण्याची सक्ति केली. पण तोंवर कॅफेंचेच दिवस भरत आले होते. २०१० च्या मध्यास आपल्या देशांत फेसबुकनें ऑर्कुटला मागें टाकलें. मुलें एकामागून एक तिकडे गेलीं. घर न मोडतां, न झाडतां, कुलूपही न लावतां गेलीं. आणि २०१६ च्या सप्टेंबरांत जिओ आल्यावर तर कॅफेंत जाण्याचें कारणच उरलें नाहीं.

३० जून २०१४ रोजीं गूगलनें जाहीर केलें कीं, तीन महिन्यांनीं ऑर्कुट बंद होणार. ज्यांना आपलें लिखाण, छायाचित्रें, प्रशस्ति हवीं असतील त्यांना तीं उतरवून घेण्यास २०१६ च्या सप्टेंबरपर्यंत मुदत दिली होती. मुदत थोडी होती असें कोणासही म्हणतां येणार नाहीं. परंतु त्या दिवाळीच्या बैठकींतील एकानेंही तिचा लाभ घेतलेला नव्हता. कोणाला पासवर्ड आठवत नव्हता, कोणाला बातमीच कळली नव्हती, आणि बहुतेकांस त्या वेळीं तें फार जुनें व थोडें लाजिरवाणें वाटत होतें. आपल्या घरांत एके काळीं दाराशेजारीं तारेचा आंकडा असे. आलेलें प्रत्येक पत्र वाचून झालें कीं त्यांत टोंचून ठेवीत. कोणी तें मुद्दाम जपून ठेवीत नसे, पण मुद्दाम टाकूनही देत नसे, आणि म्हणूनच तीस वर्षांनीं त्यांतून आजोबांचें अक्षर निघे. संगणकावरच्या लिखाणाचें उलटें आहे. तें जपलें तरच राहतें; नुसतें ठेवलें तर राहत नाहीं. ज्या वाचकांच्या घरीं आज मुलांचीं बोलणीं, आजीचे बोलके निरोप, नातवंडांचीं छायाचित्रें सर्व एकाच फोनवर आहेत, त्यांनीं वर्षांतून एकदां, दिवाळीच्या साफसफाईंत म्हणा, तीं दुसऱ्या ठिकाणीं उतरवून ठेवण्याचें काम एखाद्या जबाबदार मुलाकडे द्यावें. त्यांतील निवडक कागदावर छापून घ्यावीं. खर्च फराळाच्या तेलाइतकाही येत नाहीं.

आमच्या नात्यांतील एक बाई नाशिकला असतात, माहेर पैठणकडचें. त्यांचा धाकटा भाऊ २००९ सालीं, वयाच्या एकविसाव्या वर्षीं, मोटारसायकलच्या अपघातांत गेला. त्याचें ऑर्कुटवरील पान तसेंच राहिलें. त्याच्या वाढदिवशीं त्याचे मित्र तेथें येऊन लिहून जात; ‘आज तुझ्या आवडीची मिसळ खाल्ली’, ‘माझें लग्न ठरलें, तूं हवा होतास’. कोणी सांगून सुरू केलेली ती चाल नव्हती. बाई वर्षांतून एकदां तें पान उघडून वाचीत व आईला फोनवर वाचून दाखवीत. २०१४ च्या उन्हाळ्यांत त्यांच्या घरीं बाळंतपण होतें. बातमी त्यांच्यापर्यंत पोंचली तोंवर पान गेलें होतें. भावाचा पासवर्ड कोणालाच ठाऊक नव्हता, त्यामुळें मुदत असूनही त्याच्या पानावरचें एक अक्षर हातीं लागलें नाहीं.

पण त्यानें बहिणीविषयीं लिहिलेली प्रशस्ति बहिणीच्या पानावर होती. २०१६ च्या पावसाळ्यांत त्यांच्या कचेरींतील एका तरुण सहकाऱ्यानें ती मुदतींत उतरवून दिली. छापून पाहतां ती सगळी सात ओळींची. इंग्रजी अक्षरांतील ती मराठी आईला वाचतां येईना; म्हणून बाईंनीं ती देवनागरींत उतरवून द्यावयास घेतली. सहा ओळी सरळ उतरल्या. सातवीवर त्या अडल्या. ‘ताई म्हणजे आमच्या घराची’ इतकें लागलें, आणि पुढें इंग्रजी अक्षरें तीनच: व्ही, ए, टी.

बाईंनीं तें ‘वात’ असें वाचलें; त्यांच्या लग्नानंतर संध्याकाळीं घर अंधारें वाटतें असें भाऊ एकदां म्हणाला होता. आईनें ऐकून सांगितलें कीं, तें ‘वाट’ आहे. ताई सुटींत येणार असली म्हणजे तो बसथांब्यावर जाऊन उभा राहत असे. बाईंच्या यजमानांचें मत असें पडलें कीं, मेहुणा थट्टेखोर होता, आणि ‘घराची वाट’ याचा अर्थ ताईनें घराची वाट लावली असाच असला पाहिजे. यावर मायलेकी दोघीही पुष्कळ दिवसांनीं हंसल्या.

तो कागद आम्हीं पाहिला आहे. पैठणकडच्या त्या घरांत देवघराशेजारच्या कपाटाला आंतून चिकटवलेला आहे. साडेसहा ओळी बाईंच्या हातच्या देवनागरींत आहेत, आणि शेवटीं तीं तीन इंग्रजी अक्षरें तशींच ठेवलीं आहेत.